जात्यावरून तबकडीवर : बहिणाबाईंचीं गाणीं आणि 'मानिनी' बोलपट

गाण्याचा इतिहास लिहिणाऱ्यापुढें एक अडचण नेहमींच उभी असते. ताम्रपट जमिनींत पुरला गेला तरी शेंकडों वर्षांनीं नांगराच्या फाळाला लागतो. बखरीला वाळवी लागली तरी ती अर्धीमुर्धी का होईना, हातीं येते. पण म्हणणाऱ्याच्या कंठाबरोबर गाण्याचा जो भाग नाहींसा होतो तो कोणत्याही दप्तरांत उरत नाहीं. आमच्या खानदेशांत ही अडचण विशेषच जाणवते. कारण या प्रांताला ज्या कवितेचा आज सर्वांत अधिक अभिमान वाटतो ती कविता मुळांत लिहिली गेलेलीच नव्हती. बहिणाबाई चौधरी यांची कविता ती हीच. या कवितेंतील कांहीं गाणीं १९६१ सालीं 'मानिनी' या मराठी बोलपटांत घेतलीं गेलीं, तबकडीवर उतरलीं आणि महाराष्ट्राच्या घरोघरीं पोंचलीं. गाण्याला तबकडी मिळाली म्हणजे त्याचें नेमकें काय होतें, त्यांतून काय हातीं लागतें आणि काय निसटतें, याचा या एका उदाहरणावरून विचार करण्याचें आम्हीं योजिलें आहे.

बहिणाबाईंचा जन्म जळगांवाजवळच्या असोदें गांवीं महाजनांच्या घराण्यांत १८८० सालीं नागपंचमीच्या दिवशीं झाला. वयाच्या तेराव्या वर्षीं त्यांचें लग्न जळगांवच्या नथूजी चौधरी यांच्याशीं झालें. तिशीच्या सुमारास त्यांना वैधव्य आलें, आणि तीन मुलें व शेतीचा पसारा यांचा भार त्यांच्यावर पडला. अक्षरओळख त्यांना नव्हती. शेतांत खपतांना, घरीं दळतांना त्या ओव्या जुळवीत आणि म्हणत. भाषा घरचीच, म्हणजे खानदेशांतील लेवा पाटीदार समाजाच्या बोलींतली. त्यांचे चिरंजीव सोपानदेव हे स्वतः कवि होते. त्यांनीं व त्यांचे मावसभाऊ पितांबर चौधरी यांनीं ही रचना वेळोवेळीं कानांनीं ऐकून कागदावर टिपून ठेविली. ३ डिसेंबर १९५१ रोजीं बहिणाबाई वारल्या. सोपानदेवांनीं ती वही आचार्य अत्रे यांना दाखविली, आणि अत्र्यांच्या प्रस्तावनेसह १९५२ सालीं 'बहिणाबाईंचीं गाणीं' हें पुस्तक बाहेर पडलें. म्हणजे महाराष्ट्राला ही कवयित्री ठाऊक झाली ती तिच्या मृत्यूनंतर.

या उशिराचें महत्त्व कळण्यासाठीं एक जुनी गोष्ट आठवावी लागते. १९०७ सालीं जळगांव येथें महाराष्ट्र कविसंमेलन भरलें होतें. धरणगांवच्या ठोंबरे घराण्यांतील एका कोंवळ्या मुलानें तेथें कविता म्हटली, आणि अध्यक्षस्थानीं असलेल्या कर्नल कीर्तिकरांनीं त्याला 'बालकवि' ही पदवी दिली. मराठी काव्याच्या इतिहासांत हा प्रसंग मोठ्या कौतुकानें सांगितला जातो, आणि तो त्या कौतुकास पात्रही आहे. परंतु त्याच वर्षीं, त्याच जळगांवांत, सत्तावीस वर्षांची एक शेतकरीण जात्यावर बसत होती, ही गोष्ट त्या प्रसंगाच्या शेजारीं कोणी लिहीत नाहीं. संमेलनाच्या चालकांना आम्ही दोष देत नाहीं. जें कागदावर नाहीं तें काव्य असूं शकेल, ही कल्पनाच त्या काळच्या सुशिक्षित मनाला शिवली नव्हती.

ऐकून लिहून घेण्याची थोरवी मात्र खानदेशाला चांगली ठाऊक होती. १९३२ सालीं विनोबाजी धुळ्याच्या तुरुंगांत होते. तेथें २१ फेब्रुवारीपासून १९ जूनपर्यंत दर रविवारीं त्यांनीं गीतेच्या एकेका अध्यायावर प्रवचन केलें, आणि बंदिवानांतच असलेल्या साने गुरुजींनीं तीं अठराही प्रवचनें उतरून घेतलीं. गुरुजींची लेखणी त्या वेळीं तेथें नसती तर 'गीता-प्रवचनें' हा ग्रंथच आज नसता. धुळ्याची ती लेखणी आणि जळगांवची सोपानदेवांची वही एकाच जातीच्या होत. तथापि दोहोंत एक भेद आहे. प्रवचन हें अर्थप्रधान असतें. शब्द नीट उतरले कीं त्याचा बहुतेक सारा भाग हातीं आला. ओवी ही गायिली जाते. तिचे शब्द वहींत आले, पण चाल बाहेरच राहिली. बहिणाबाईंच्या बोलींत 'डोळा' हा शब्द 'डोया' होतो, हें वही सांगते. पण तो 'या' कंठांत किती घोळला, जात्याच्या फेऱ्याबरोबर कोठें लांबला, कोठें तुटला, हें सांगण्याचें सामर्थ्य मराठी लिपींत नाहीं. भातखंडे आणि पलुस्कर यांनीं रागदारी संगीतासाठीं स्वरलेखनाच्या पद्धति याच काळांत सिद्ध केल्या होत्या. जात्यावरची ओवी त्या पद्धतीनें लिहावी, असें मात्र कोणाच्या ध्यानींमनींही आलें नाहीं.

पुस्तक निघून नऊ वर्षें झालीं आणि 'मानिनी' पडद्यावर आला. काळही नव्या घडणीचा होता. १ मे १९६० रोजीं महाराष्ट्र राज्य झालें. १९०६ पासून चालत आलेलीं पूर्व खानदेश आणि पश्चिम खानदेश हीं जिल्ह्यांचीं नांवें जाऊन जळगांव आणि धुळें हीं नांवें आलीं. खानदेश हा शब्द सरकारी कागदांतून निघाला, आणि त्याच सुमारास खानदेशची बोली बोलपटांतून साऱ्या महाराष्ट्राच्या कानीं पडली. 'मानिनी'चे दिग्दर्शक अनंत माने आणि संगीतदिग्दर्शक वसंत पवार. याच जोडीनें दोन वर्षें आधीं, १९५९ सालीं, 'सांगत्ये ऐका' हा तमाशाप्रधान बोलपट लोकांपुढें आणून अपार लोकप्रियता मिळविली होती. ढोलकीच्या ठेक्यावर ज्यांचा हात बसलेला, त्यांनीं आतां जात्याच्या घरघरीला सूर शोधावयाचा होता. बहिणाबाईंची 'संसार' ही कविता सुमन कल्याणपूर यांनीं गायिली. ज्या गायिकेचा जन्म ढाक्यास झाला तिच्या कंठांतून असोद्याच्या माहेरवाशिणीचे शब्द महाराष्ट्रानें ऐकले. 'खोप्यामधी खोपा' हें सुगरणीच्या घरट्याचें गाणें आशा भोसले यांनीं म्हटलें.

येथें यंत्राचा स्वभाव थोडा लक्षांत घेतला पाहिजे. त्या काळच्या ७८ फेऱ्यांच्या तबकडीच्या एका बाजूवर तीन-साडेतीन मिनिटांहून अधिक गाणें मावत नसे. जात्यावरच्या ओवीला अशी मर्यादा नाहीं. सुपांत धान्य असेपर्यंत ओवी चालते. दळण वाढलें तर ओव्या वाढतात, लेंकरूं रडूं लागलें तर मध्येंच थांबतात, आणि पुन्हां जेथून मनांत येईल तेथून सुरू होतात. तिला आरंभ आणि शेवट असा ठरलेला नसतो. तबकडीला दोन्ही लागतात. शिवाय ध्रुपद लागतें, दोन कडव्यांमधला वाद्यांचा तुकडा लागतो, ठराविक ताल लागतो. वसंत पवारांनीं हें सारें मोठ्या संयमानें केलें, असें आमचें मत आहे. शब्दांवर वाद्यांचा भार पडूं दिला नाहीं. चाल इतकी साधी ठेविली कीं घरांत काम करणाऱ्या कोणत्याही बाईला ती सहज म्हणतां यावी. तीं गाणीं टिकलीं याचें श्रेय जितकें शब्दांचें तितकेंच या साधेपणाचें आहे.

या प्रकाराविषयीं दोन टोंकांचीं मतें ऐकूं येतात. कित्येकांचें म्हणणें असें कीं, बोलपटानेंच बहिणाबाईंना वांचविलें. तो नसता तर त्या पुस्तकांत पडून राहिल्या असत्या. दुसरा पक्ष म्हणतो कीं, बोलपटवाल्यांनीं एका अस्सल ओवीचें भावगीत करून टाकलें. आम्हांस पहिलें मत कालक्रमाच्या दृष्टीनेंच टिकण्यासारखें वाटत नाहीं. पुस्तक १९५२ चें, बोलपट १९६१ चा. शोधण्याचें आणि राखण्याचें काम वहीनें आणि पुस्तकानें आधींच केलें होतें. बोलपटानें तें दूरवर नेलें. निरक्षर आईची कविता पुस्तकाच्या द्वारें साक्षरांपर्यंतच पोंचली होती. जिला स्वतः बहिणाबाईंप्रमाणेंच वाचतां येत नव्हतें अशा बाईपर्यंत ती तबकडीमुळें पोंचली. हा उपकार लहान नव्हे. दुसऱ्या मताला उत्तर असें कीं, ज्या ओवीचें भावगीत झालें म्हणतात ती ओवी ज्या चालींत होती ती चाल १९६१ सालीं हातीं होतीच कोठें? वसंत पवारांनीं ती मोडली नाहीं. रिकाम्या जागीं आपली चाल बसविली.

खरी हानि त्यापूर्वींच होऊन गेली होती, आणि तिचा हिशेब सोपा आहे. हिंदुस्थानांत गाण्याच्या तबकड्या भरण्यास १९०२ सालीं कलकत्त्यास आरंभ झाला. गोहरजान हिचा आवाज त्या वेळीं मुद्रित झाला. बहिणाबाई १९५१ पर्यंत होत्या. म्हणजे एकूणपन्नास वर्षें आवाज धरून ठेवणारें यंत्र देशांत होतें आणि धरून ठेवावा असा आवाज जळगांवांत होता. जळगांव कांहीं आडरानांत नव्हतें. मुंबईच्या लोहमार्गावरचें, कापसाच्या व्यापारानें गजबजलेलें गांव तें. तरीही त्या दोहोंची गांठ पडली नाहीं. कलावंतिणीचें, गवयाचें, पुढें नाटकांतल्या नटाचें गाणें विकलें जाई, म्हणून तें मुद्रित झालें. दळणाऱ्या बाईच्या ओवीला गिऱ्हाईक नव्हतें.

दुसऱ्या एका देशांतलें उदाहरण शेजारीं ठेविलें असतां हें अधिक स्पष्ट होईल. अमेरिकेच्या वायव्य टोंकास सिॲटल नांवाचें शहर आहे. तेथल्या तरुण वादकांच्या मेळ्यांनीं गेल्या शतकाच्या नवव्या दशकांत एक खरखरीत, उदास, मुद्दाम अघळपघळ ठेविलेला गायनप्रकार रूढ केला. त्यास 'ग्रंज' म्हणतात. १९९२ सालीं कॅमेरॉन क्रो यांनीं त्या शहरावर 'सिंगल्स' नांवाचा बोलपट काढला व त्याच्या गीतसंग्रहासाठीं तेथल्याच मेळ्यांचीं गाणीं घेतलीं. त्यांत 'अ‍ॅलिस इन चेन्स' या मेळ्यानें 'वुड?' हें गाणें दिलें. १९९० सालीं अकालीं वारलेल्या अँड्र्यू वुड या आपल्या गांवच्या गायकाच्या स्मरणार्थ तें रचलेलें होतें. एका गांवची बोली आणि एका गांवचें दुःख बोलपटाच्या वाटेनें जगभर गेलें, येथपर्यंत असोदें आणि सिॲटल यांत साम्य आहे. पुढें भेद येतो. तेथें ज्यांचें गाणें त्यांनींच तें म्हटलें. पडद्यावरही तेच दिसले. आणि त्याच वर्षीं तेंच गाणें त्यांनीं आपल्या 'डर्ट' या स्वतंत्र संग्रहाच्या शेवटीं बसविलें. बोलपटाला दिलेलें गाणें त्यांना परत आपलें म्हणून मांडतां आलें. बहिणाबाईंचें गाणें मुद्रित झालें तेव्हां त्यांना जाऊन दहा वर्षें होत आलीं होतीं. 'असें नाहीं, मी असें म्हणत असें,' असें सांगणारें कोणी उरलें नव्हतें.

म्हणून इतिहासाच्या अभ्यासकानें बहिणाबाईंच्या गाण्याकडे पाहतांना चार पायऱ्या वेगळ्या ठेविल्या पाहिजेत: कंठ, वही, पुस्तक आणि तबकडी. पहिली पायरी गेली. उरलेल्या तिन्हींवर पहिलीचा थोडाथोडा प्रकाश आहे, पण त्यांतली कोणतीही पहिली नव्हे. आज जळगांवच्या विद्यापीठास कवयित्री बहिणाबाई चौधरी यांचें नांव आहे. २०१८ सालीं हें नामकरण झालें. त्या विद्यापीठाच्या विद्यार्थ्याला बहिणाबाईंची ओवी म्हणावयास सांगितली तर तो 'मानिनी'ची चाल म्हणतो. तो चुकतो असें नव्हे. पण आपण बहिणाबाईंबरोबर वसंत पवारांनाही वंदन करीत आहों, हें त्याला ठाऊक असलें पाहिजे.

धुळ्यास १९२७ पासून राजवाडे संशोधन मंडळ आहे. इतिहासाचार्य राजवाड्यांनीं आम्हांस कागदाचा कपटाही टाकूं नये हें शिकविलें, आणि त्या शिकवणीमुळें खानदेशांतील कित्येक दप्तरें वांचलीं. कागदाला दिलेला तोच मान आतां कंठाला दिला पाहिजे. पिठाच्या गिरण्या गांवोगांव झाल्या आणि जातें कोपऱ्यांत गेलें, त्याला पुष्कळ वर्षें लोटलीं. पुण्यास हेमा राइरकर आणि गी प्वातव्हाँ यांनीं आपल्या सहकाऱ्यांसह एक लक्षाहून अधिक ओव्या गोळा केल्या, त्यांतील पुष्कळशा म्हणणारणींच्या आवाजांत मुद्रितही झाल्या आहेत. लेवा बोलींतल्या, अहिराणींतल्या, तावडींतल्या ओव्या ज्यांनीं आईच्या मांडीला डोकें टेकून जात्याशीं ऐकल्या, अशा म्हाताऱ्या बाया यावल-रावेरापासून साक्री-शिरपुरापर्यंत अजून भेटतात. आवाज टिपणारें यंत्र आतां प्रत्येकाच्या खिशांत असतें. गिऱ्हाइकाची वाट पाहण्याचें कारण उरलेलें नाहीं. महाविद्यालयांतील मराठीच्या आणि इतिहासाच्या विद्यार्थ्यांनीं येत्या सुटींत आपापल्या गांवीं जाऊन, आजीपुढें बसून, शब्दांबरोबर चालही उतरून घ्यावी. त्या ओव्या बहिणाबाईंच्या तोलाच्या निघतील, असें आश्वासन आम्ही देत नाहीं. त्या ज्यांच्या आहेत त्यांच्याच आवाजांत राहतील, एवढें मात्र आज आपल्या हातीं आहे.