थळ, नंबर आणि पाट : इंदापूर-बारामती परिसरातील शेतजमिनीचा इतिहास

पुणे जिल्ह्याच्या आग्नेय टोकास भीमा आणि नीरा या दोन नद्या एकमेकींजवळ सरकत जातात आणि नीरा-नरसिंहपूर येथे एकत्र होतात. या दोन नद्यांच्या बेचक्यात इंदापूर तालुका वसलेला आहे. त्याच्या पश्चिमेस, कऱ्हेच्या दोन्ही तीरांवर, बारामती तालुका आहे. सह्याद्रीच्या पर्जन्यछायेत येणाऱ्या या प्रदेशात वर्षाकाठी सरासरी वीस इंचांच्या आसपास पाऊस पडतो. तोही भरवशाचा नव्हे. मृगाचा पाऊस हुलकावणी देतो. शेतकऱ्याची खरी भिस्त उत्तरा-हस्तावर असते. म्हणून हलक्या माळरानावर खरिपाची बाजरी आणि नदीकाठच्या भारी काळीत रब्बीची ज्वारी, तिच्या सोबतीला करडई आणि हरभरा, ही येथील शेतीची जुनी घडी. सुपिकता काळीत आहे, पण ओलावा आकाशात आहे, अशी ही स्थिती होती.

या शेतीचा इतिहास सामान्यतः दुष्काळ, सारा आणि कालवा यांच्या अंगाने लिहिला जातो, आणि ते योग्यच आहे. परंतु त्या इतिहासाचे एक साधन काहीसे उपेक्षित राहिले आहे. ते म्हणजे जमिनीविषयीची शब्दसंपत्ती. गेल्या दोनशे वर्षांत येथील जमिनीची ओळख तीन वेळा बदलली. प्रथम ती घराण्यावरून ओळखली जाई, पुढे मातीच्या प्रतीवरून, आणि अखेरीस पाण्यावरून. प्रत्येक वेळी 'चांगली जमीन' या शब्दांचा अर्थ बदलला, आणि अर्थाबरोबर माणसांचे भाग्यही बदलले.

पेशवाईच्या काळात गावाची लागवडीची जमीन थळांत विभागलेली असे. 'थळ' हा शब्द उघडच संस्कृत 'स्थल' यापासून आलेला. परंतु गावाच्या दप्तरात त्याचा अर्थ केवळ जागा असा नव्हता. थळ म्हणजे एका मूळ घराण्याचा वाटा. त्या घराण्याचा वंश खुंटला तरी थळाचे नाव बदलत नसे; फक्त ती जमीन 'गतकुळी' म्हणून नोंदली जाई. थळाचा वंशपरंपरागत धनी तो थळकरी अथवा मिरासदार, आणि बाहेरून येऊन वा कराराने जमीन कसणारा तो उपरी. 'मिरास' हा अरबी शब्द वारसाहक्क सांगतो. 'उपरी' या मराठी शब्दात वरवरचेपणा, मुळे नसणे, सूचित होते. माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टनने १८१९ च्या आपल्या प्रसिद्ध अहवालात रयतेचे हेच दोन वर्ग वर्णिले आहेत. मोल्सवर्थच्या मराठी-इंग्रजी कोशाची पहिली आवृत्ती १८३१ साली निघाली. तीत ही परिभाषा संग्रहित झाली, ती नेमकी मावळतीला लागली असताना. कोशकार शब्द वेचीत होते आणि मोजणीदार त्यांचा आधार काढून घेत होते, हा योगायोग लक्षणीय आहे.

ही व्यवस्था आदर्श होती असे मात्र समजू नये. १८०२ साली होळकरांच्या फौजा या मुलुखातून गेल्या आणि पाठोपाठ १८०३-०४ चा भीषण दुष्काळ आला, तेव्हा इंदापूर परगण्यातील गावे ओस पडली. पडीत जमीन लागवडीस आणण्यासाठी 'कौल' आणि 'इस्तावा' द्यावा लागे. इस्तावा म्हणजे पहिल्या वर्षी नाममात्र आणि पुढे दरसाल थोडा थोडा चढत जाणारा सारा. ही तडजोडीची भाषा होती. राज्यकर्त्यास माणूस हवा होता. जमीन मुबलक होती.

इंग्रजी अमलात प्रथम रॉबर्ट कीथ प्रिंगल याने नवी आकारणी केली. तो हेलिबरी येथे माल्थसच्या हाताखाली शिकलेला, आणि रिकार्डोच्या खंडसिद्धान्ताने प्रभावित झालेला. जमिनीच्या उत्पन्नातून लागवडीचा खर्च वजा जाता उरणाऱ्या निव्वळ उत्पन्नापैकी शेकडा ५५ हा सरकारचा वाटा, असे त्याने ठरविले. कागदावर हे गणित निर्दोष होते. परंतु निव्वळ उत्पन्न काढावयाचे कोणी? मोजणी व प्रतवारी करणाऱ्या कारकुनांच्या चुकांनी आकडे मुळातच डळमळीत झाले होते. त्यात धान्याचे भाव उतरले आणि पावसाने पाठ फिरविली. १८३० च्या सुमारास हे दर अमलात येताच इंदापुरात थकबाकी साचली, सूट द्यावी लागली, आणि रयत घरेदारे सोडून जाऊ लागली. लंडनमध्ये रचलेला सिद्धान्त भीमेच्या काठी फसला, असे म्हणण्यास हरकत नाही. मात्र दोष सिद्धान्ताइतकाच घाईचाही होता.

त्या अपयशातून १८३५-३६ साली गोल्डस्मिड आणि लेफ्टनंट विंगेट यांची पाहणी निघाली, आणि ती प्रथम इंदापूर तालुक्यात लागू झाली. पुढे मुंबई इलाख्यात सर्वत्र पसरलेल्या रयतवारी पाहणीचा उगम या कोरड्या तालुक्यात आहे, ही गोष्ट इंदापूरकरांनाही फारशी ठाऊक नसते. या पद्धतीने निव्वळ उत्पन्नाचा हिशोब सोडून दिला आणि जमिनीची केवळ सापेक्ष प्रत ठरविली. १८४७ च्या संयुक्त अहवालात तिचे नियम पक्के झाले. मातीचा पोत व रंग यांवरून तीन वर्ग. खोलीवरून उतरत जाणाऱ्या नऊ प्रती. आणि चुनखडी, वाळू, उतार, पाणी न जिरणे, जादा ओल असे दोष आढळल्यास एकेक पायरी खाली. सर्वोत्तम जमीन सोळा आणे, सर्वात निकृष्ट दोन आणे. काळी, तांबडी, बरड हे शेतकऱ्याचेच शब्द होते. परंतु आता त्यांना आण्यांची किंमत चिकटली. बिघ्याच्या जागी एकर आला. तेहतीस फुटी साखळीचा चौरस तो गुंठा, आणि असे चाळीस गुंठे म्हणजे एक एकर. एका बैलजोडीने वाहता येईल इतका तुकडा हा 'नंबर' ठरला आणि तीस वर्षांसाठी त्याचा सारा कायम झाला.

येथे भाषेच्या अभ्यासकाने थबकावे. थळाला घराण्याचे नाव होते. नंबराला केवळ अंक. नंबर ज्याच्या खाती, तो खातेदार. तो मिराशी की उपरी, हा प्रश्नच उरला नाही. नको असलेला नंबर 'राजीनामा' देऊन सोडावा, हवा तो 'कबुलायत' लिहून घ्यावा. (आज राजीनामा मंत्री देतात, एकेकाळी तो कुणबी जमिनीचा देत असे.) उपऱ्याला यात निश्चित लाभ झाला, हे मान्य केले पाहिजे. सारा हलका झाल्याने लागवडही वाढली. परंतु जी जमीन एका व्यक्तीच्या नावे, निश्चित साऱ्याची आणि मोजक्या हद्दीची झाली, ती सावकाराच्या दृष्टीने उत्तम तारणही झाली. मिरास जमिनीचीही विक्री पूर्वी होत असे, पण तीत भाऊबंद आणि गाव यांचा शब्द असे. नंबर गहाण टाकताना केवळ अंगठा पुरत होता.

तीस वर्षांची मुदत संपताच १८६७ साली इंदापुरात फेरपाहणी झाली आणि साऱ्यात भरीव वाढ करण्यात आली. अमेरिकेतील यादवी युद्धामुळे (१८६१-६५) कापसाचे आणि त्याबरोबर धान्याचेही भाव चढले होते; ते टिकतील असे पाहणी खात्याने गृहीत धरले. ते टिकले नाहीत. १२ मे १८७५ रोजी सुपे येथे बाजारच्या दिवशी जमावाने सावकारांची दुकाने फोडून कर्जरोखे जाळले. सुपे तेव्हा भीमथडी तालुक्यात होते, आज बारामती तालुक्यात आहे. 'दख्खनचे दंगे' म्हणून प्रसिद्ध असलेल्या या उठावात लोकांचा रोख मुख्यतः कागदांवर होता, हे ध्यानात घेतले म्हणजे तो केवळ लुटीचा प्रकार नव्हता हे कळते. चौकशी आयोग बसला आणि १८७९ साली दख्खन शेतकरी साहाय्य कायदा झाला. दरम्यान १८७६-७७ च्या दुष्काळाने मूळ दुखणे कोणते ते दाखवून दिले होते.

त्या दुष्काळानंतर नीरा डावा कालवा निघाला. भाटघर येथे येळवंडी नदीवर धरण बांधण्यात आले आणि १८८५-८६ च्या सुमारास कालवा वाहू लागला. सरकारचा हेतू ज्वारी-बाजरी वाचविण्याचा होता. शेतकऱ्याने मात्र पाण्याकडे पाठ फिरविली, आणि त्याचे कारण अज्ञान नव्हते. चांगल्या वर्षी भारी काळीतील ज्वारीला पाण्याची गरज नव्हती. मग पाणीपट्टी कोणी आणि का भरावी? कालव्याला त्याचे पीक मिळाले ते उसाच्या रूपाने, आणि ते रुजविण्यात सासवडकडून आलेल्या माळी बागाईतदारांचा वाटा मोठा होता. त्यांनी खंडाने जमिनी घेतल्या, ऊस लावला, गुऱ्हाळे घातली. विसाव्या शतकाच्या आरंभी विश्वेश्वरय्या यांनी आखलेल्या पद्धतीने उसाला ठरावीक क्षेत्रात, ठरावीक मुदतीच्या कराराने पाणी मिळू लागले, आणि 'ब्लॉक' हा इंग्रजी शब्द मराठी झाला.

पाण्याची उरलेली परिभाषा मात्र जुनीच राहिली. मोटेवर भिजणारी ती मोटस्थळ आणि पाटावर भिजणारी ती पाटस्थळ, असा भेद पेशवेकालीन कागदांतही आहे. नवा कालवा त्या जुन्या 'पाटा'तच जाऊन बसला. पाटकरी, चारी, पाळी, दारे धरणे हे शब्द माळेगाव, सणसर, लासुर्णे या गावांतून आजही ऐकू येतात.

आता या प्रकरणातील सर्वांत बोधक गोष्ट. पाहणीने ज्या खोल काळ्या जमिनीस सोळा आणे दिले होते, तीच कालव्याखाली प्रथम बिघडली. पाण्याचा निचरा होईना, भूजल वर चढले, आणि त्याबरोबर जमिनीच्या पोटातील क्षार पृष्ठभागावर आले. हॅरल्ड मान आणि व्ही. ए. ताम्हाणे यांनी नीरा खोऱ्यातील खारवट जमिनींवरील आपला अभ्यास १९१० साली प्रसिद्ध केला. म्हणजे कालवा सुरू होऊन पुरती पंचवीस वर्षे झाली नव्हती तोच. उलट मुरमाच्या थरावरील मध्यम जमीन, जी आण्यांच्या हिशोबात खालच्या पायरीवर होती, ती निचऱ्यामुळे उसाला मानवली. कोरडवाहू शेतीत ओल धरून ठेवणे हा गुण होता, बागाइतीत तोच दोष ठरला. प्रतवारीचा तक्ता मातीचा होता. पाणी आल्यावर तो निम्मा उलटा झाला. ज्यांच्या पूर्वजांनी नदीकाठच्या काळीसाठी अधिक सारा मोजला, त्यांच्या वाट्याला चोपण आले.

उसामागून कारखाने आले. १९३० च्या दशकात इंदापूर तालुक्यात वालचंद हिराचंद यांनी वालचंदनगर उभे केले. १९५० च्या दशकापासून माळेगाव, भवानीनगर, सोमेश्वरनगर येथे सहकारी कारखाने निघाले. खासगी कारखान्यांनी शेतकऱ्यांच्या जमिनी दीर्घ मुदतीच्या खंडाने घेतल्या होत्या. १९६१ च्या कमाल जमीनधारणा कायद्यानंतर त्या १९६३ साली स्थापन झालेल्या राज्य शेती महामंडळाकडे गेल्या, आणि मूळ मालक अनेक दशके दाद मागत राहिले. एकविसाव्या शतकात कायदा दुरुस्त होऊन जमिनी परत देण्यास प्रारंभ झाला. या लोकांना 'खंडकरी शेतकरी' म्हणतात. वस्तुतः खंडकरी म्हणजे खंड भरून दुसऱ्याची जमीन कसणारा. येथे तो शब्द ज्याची जमीन खंडाने गेली त्या मालकास लागला. शब्दार्थ असा पालटण्यास तो मालकही तितकाच परका व्हावा लागतो.

१९८० साली पूर्ण झालेल्या उजनी धरणाच्या जलाशयाने इंदापूरच्या उत्तर कडेची भीमाकाठची जमीन, म्हणजे पुन्हा उत्तम काळीच, पाण्याखाली गेली. उन्हाळ्यात पाणी ओसरले की पळसदेवचे जुने मंदिर उघडे पडते. बारामतीच्या उत्तरेस, सुपे-मोरगावच्या बाजूस, कालवा पोहोचलाच नाही. त्या भागास आजही 'जिराईत भाग' असे म्हणतात. मूळ अरबी शब्दाचा अर्थ केवळ 'शेती' इतकाच होता. या तालुक्यात तो 'पाणी नसलेली शेती' असा झाला आहे.