दिएगो गार्सिया : निर्जन केलेलें बेट

श्रोतेहो, मुंबई बंदरांतून निघालेलें एखादें जहाज नाकासमोर दक्षिणेकडे नेलें, तर लक्षद्वीप व मालदीव मागें टाकून, विषुववृत्ताच्या पलीकडे, सुमारें २,९०० किलोमीटर अंतरावर तें प्रवाळांच्या एका चिंचोळ्या बेटापाशीं पोंचेल. त्या बेटाचें नांव दिएगो गार्सिया. मध्यें समुद्राचें निवांत सरोवर आणि त्याच्या भोंवतीं घोड्याच्या नालासारखी वळलेली जमिनीची पट्टी, असें त्याचें रूप आहे. ही सारी जमीन मोजली तर सुमारें ३० चौरस किलोमीटर भरते. म्हणजे आपल्याकडील एखाद्या मोठ्या गांवाच्या शिवाराएवढी. परंतु एवढ्याशा जमिनीवर अमेरिकेच्या संयुक्त संस्थानांनीं असा लष्करी तळ उभारला आहे कीं, १९९१ पासून इराक व अफगाणिस्तान येथें झालेल्या प्रत्येक मोठ्या युद्धांत त्याचा उपयोग झाला.

एखादें बलाढ्य राष्ट्र आपल्या सुरक्षिततेचा हिशेब कसा मांडतें, हें जाणावयाचें असेल तर त्याच्या राजधानींतील भाषणांपेक्षां त्याचे तळ पाहावे. भाषणें दर दहा वर्षांनीं बदलतात. तळ सहसा हलत नाहींत. आजच्या भाषणांत मी याच एका तळाचा इतिहास आपल्यापुढें ठेवणार आहे.

दिएगो गार्सिया हें चागोस नांवाच्या द्वीपसमूहांतील सर्वांत मोठें बेट होय. अठराव्या शतकाच्या उत्तरार्धांत फ्रेंचांनीं तेथें नारळाच्या बागा लावल्या आणि त्या राखण्यासाठीं आफ्रिकेंतून व मादागास्करहून गुलाम आणले. १८१४ च्या पॅरिस येथील तहानें मॉरिशसबरोबर हीं बेटेंहि इंग्रजांकडे आलीं. १८३५ मध्यें मॉरिशसमधील गुलामगिरी उठली, परंतु बागा राहिल्या, व त्यांच्या आश्रयानें माणसेंहि राहिलीं. पुढें हिंदुस्थानांतून गेलेले कांहीं मुदतबंद मजूरहि त्यांत मिसळले. खोबऱ्याचें तेल काढावें, मासळी धरावी, घराशेजारीं कोंबड्या पाळाव्या, प्रार्थनामंदिरांत जावें आणि अखेर वडिलांच्या शेजारीं मातींत विसावावें, अशा रीतीनें त्यांच्या अनेक पिढ्या तेथें नांदल्या. त्यांची क्रिओल बोली निराळी होती आणि गाणीं निराळीं होतीं.

जगाच्या कलहांपासून हे लोक किती दूर होते, याचा एक प्रसंग इतिहासांत नमूद आहे. १९१४ च्या सप्टेंबरमध्यें मद्रासवर तोफा डागणारी जर्मन युद्धनौका ‘एम्डन’ पुढें ऑक्टोबरमध्यें कोळसा भरण्यासाठीं दिएगो गार्सियास आली. महायुद्ध सुरू होऊन दोन महिने उलटले होते, पण त्याची वार्ता बेटावर पोंचलेलीच नव्हती. तेथील माणसांनीं या शत्रूच्या खलाशांचें पाहुण्यासारखें स्वागत केलें आणि जर्मनांनींहि त्यांची नादुरुस्त मोटरबोट दुरुस्त करून दिली! युद्धाची ज्यांना बातमीहि नव्हती, त्यांच्याच वंशजांवर पुढें न झालेल्या युद्धांच्या तयारीसाठीं घरदार सोडण्याचा प्रसंग आला.

तो कसा आला, तें आतां पाहूं. दुसऱ्या महायुद्धानंतर आशिया व आफ्रिका खंडांतील देश एकामागून एक स्वतंत्र होऊं लागले. स्वतंत्र राष्ट्र आपल्या भूमीवरील परक्यांचा तळ आज ना उद्यां हलविण्यास सांगणार, हें अमेरिकेच्या आरमारांतील योजनाकारांनीं ओळखलें. त्यांच्यापैकीं स्टुअर्ट बार्बर यांनीं १९५० नंतरच्या दशकाच्या अखेरीस असा विचार मांडला कीं, मोक्याच्या जागीं असलेलीं, लोकवस्ती अत्यल्प असलेलीं लहान बेटें वेळींच हातीं घ्यावीं. म्हणजे पुढें तेथें कोणाची परवानगी मागण्याचें कारण पडणार नाहीं. या विचारास ‘मोक्याच्या बेटांचें धोरण’ असें नांव मिळालें. त्यांतील मर्म नीट ध्यानांत घ्यावें. बेटाचा पहिला गुण त्याची जागा आणि दुसरा गुण तेथें माणसें नसणें हा होता.

दिएगो गार्सियास पहिला गुण होता, दुसरा नव्हता. तो निर्माण करावा लागला. १९६५ च्या नोव्हेंबरमध्यें, मॉरिशसला स्वातंत्र्य देण्यापूर्वींच, ब्रिटननें चागोस बेटें त्यापासून तोडून ‘ब्रिटिश हिंदी महासागरीय प्रदेश’ नांवाची एक नवी वसाहत स्थापिली व मॉरिशसला त्यापोटीं ३० लक्ष पौंड दिले. संयुक्त राष्ट्रसंघाच्या आमसभेनें पुढच्याच महिन्यांत अशी तोडमोड करूं नये असें बजाविलें, पण तें कोणीं ऐकलें नाहीं. १९६६ च्या डिसेंबरमध्यें ब्रिटन व अमेरिका यांच्यांत पत्रांची देवघेव होऊन हीं बेटें ५० वर्षांसाठीं संरक्षणाच्या कामीं राखून ठेवण्यांत आलीं. वरवर पाहतां यांत भाडें नव्हतें. परंतु पोलॅरिस क्षेपणास्त्रांच्या खरेदींत ब्रिटनला १ कोटि ४० लक्ष डॉलरांपर्यंत सूट गुपचूप मिळाली. ती गोष्ट अमेरिकेच्या काँग्रेसपासूनहि दडवून ठेवली होती.

राहतां राहिला माणसांचा प्रश्न. तो लंडनमधील अधिकाऱ्यांनीं कागदावर सोडविला. पिढ्यान्‌पिढ्या राहणारे हे लोक कायमचे रहिवासी नसून मुदतीनें आलेले मजूर आहेत, असें दाखविण्याचें ठरलें. १९६८ पासून औषधोपचारासाठीं किंवा आप्तांच्या भेटीसाठीं मॉरिशसला गेलेल्यांना परतीची बोट मिळेनाशी झाली. बेटांवर येणारी अन्नसामग्री हळूहळू आटली. १९७१ मध्यें दिएगो गार्सिया रिकामें करण्यांत आलें. लोकांना निघण्याचा हुकूम झाला आणि त्यांचीं पाळलेलीं कुत्रीं खोबरें वाळविण्याच्या भट्टींत कोंडून वायूनें मारण्यांत आलीं. १९७३ पर्यंत पेरोस बानोस व सालोमन हीं बेटेंहि ओस पडलीं. दीड ते दोन हजार माणसें अशा रीतीनें मॉरिशस व सेशेल्स येथें नेऊन सोडण्यांत आलीं. ज्या मॉरिशसमध्यें आपले मराठी बांधव गिरमिटाच्या मार्गानें जाऊन कष्टानें स्थिरावले, त्याच मॉरिशसच्या पोर्ट लुई शहरांतील दरिद्री वस्त्यांत हे लोक कामावांचून व घरावांचून पडून राहिले.

याच काळांतील दुसरी एक हकीकत सांगण्याजोगी आहे. त्याच नव्या वसाहतींत आल्डाब्रा नांवाचें आणखी एक बेट घातलें होतें, आणि तेथें विमानांची धावपट्टी बांधण्याचा विचार चालू होता. त्या बेटावर प्रचंड आकाराचीं दुर्मिळ कासवें राहतात. त्यांच्या रक्षणासाठीं इंग्लंड व अमेरिका या दोन्ही देशांतील शास्त्रज्ञांनीं मोठा गजर केला. ब्रिटनची तिजोरीहि तेव्हां रिकामी होत चालली होती, आणि १९६७ मध्यें ती योजना सोडून देण्यांत आली. कासवें वांचलीं, याचा आनंदच मानला पाहिजे. पण चागोसच्या माणसांसाठीं त्या वेळीं असा आवाज उठला नाहीं, कारण तीं तेथें आहेत हेंच जगाला ठाऊक नव्हतें.

१९६८ च्या जानेवारींत, सुएझच्या पूर्वेकडील आपलें सैन्य १९७१ अखेर परत बोलावण्याचा निर्णय ब्रिटननें जाहीर केला. इंग्रजांची जागा अमेरिकेनें घेतली, आणि १९७१ च्या मार्चमध्यें दिएगो गार्सियावर बांधकाम सुरू झालें. प्रथम तें केवळ संदेशवहनाचें साधेसें ठाणें असल्याचें सांगण्यांत आलें. तेव्हां भीति होती सोव्हिएट आरमाराची. १९७३ च्या अरब-इस्रायल युद्धानंतर तेलाची काळजी वाढली. १९७९ मध्यें इराणांत क्रांति झाली, सोव्हिएट फौजा अफगाणिस्तानांत शिरल्या, आणि १९८० च्या जानेवारींत राष्ट्राध्यक्ष कार्टर यांनीं इराणचें आखात हा अमेरिकेच्या जिव्हाळ्याच्या हितसंबंधांचा प्रदेश असल्याचें घोषित केलें. लगेच रणसामग्रीनें भरलेलीं जहाजें दिएगो गार्सियाच्या सरोवरांत कायमचीं नांगरून ठेवण्यांत आलीं. पुढें सोव्हिएट संघ विलयास गेला, पण तळ गेला नाहीं. १९९१ मध्यें इराकवर, २००१ मध्यें अफगाणिस्तानवर आणि २००३ मध्यें पुन्हां इराकवर बाँबफेकी विमानें येथूनच उडालीं. २००२ मध्यें गुप्तपणें नेल्या जाणाऱ्या कैद्यांचीं दोन विमानें येथें उतरलीं होतीं, ही गोष्ट ब्रिटिश परराष्ट्रमंत्र्यांना २००८ मध्यें पार्लमेंटांत कबूल करावी लागली.

अलीकडे धोक्याचें नांव पुन्हां बदललें आहे. २०१८ मध्यें अमेरिकेनें आपल्या पॅसिफिक सेनाविभागाचें नांव ‘इंडो-पॅसिफिक’ असें केलें आणि चीनची स्पर्धा ही चिंतेची मुख्य बाब ठरविली. पश्चिम आशियाची काळजीहि सुटली नाहीं. २०२३ च्या नोव्हेंबरपासून येमेनमधील हूथी बंडखोर तांबड्या समुद्रांतील व्यापारी जहाजांवर हल्ले करूं लागले. २०२५ च्या मार्च ते मे या काळांत अमेरिकेनें त्यांच्यावर हवाई मोहीम चालविली, आणि त्याच सुमारास तिचीं बी-२ जातीचीं विमानें दिएगो गार्सियावर येऊन थांबलीं. सोव्हिएट आरमार, तेल, दहशतवाद, चीन व समुद्री मार्ग हीं कारणें एकामागून एक आलीं, परंतु धावपट्टी तीच राहिली.

आपल्या देशाचा या बेटाशीं संबंध केवळ भूगोलाचा नाहीं. १९७१ च्या डिसेंबरमध्यें बांगला देशाचें युद्ध चालू असतां ‘एंटरप्राइझ’ ही विमानवाहू नौका अग्रभागीं घेऊन अमेरिकन आरमाराचा एक तांडा बंगालच्या उपसागरांत आला. ज्या १६ डिसेंबरला डाक्का येथें पाकिस्तानी सेनेनें शरणागति पत्करली, त्याच दिवशीं संयुक्त राष्ट्रसंघाच्या आमसभेनें, सिलोनच्या पुढाकारानें, हिंदी महासागर हा शांततेचा प्रदेश असल्याचा ठराव संमत केला. त्या काळीं दिएगो गार्सियाच्या तळास भारताचा कडवा विरोध होता. आज तो सूर राहिलेला नाहीं. २०१६ मध्यें भारत व अमेरिका यांनीं परस्परांचे तळ रसद व इंधन यांसाठीं वापरण्याचा करार केला. मॉरिशसच्या हक्कास भारताचा पाठिंबा कायम आहे, पण तळ उठावा असा आग्रह आतां नाहीं. आपलें तेल आणि आपले खलाशी त्याच समुद्री मार्गांनीं जातात, हें यामागील एक उघड कारण होय. तेव्हां या तळाचा उपयोगच नाहीं असें म्हणणें सत्यास धरून होणार नाहीं.

परंतु उपयोग आणि हक्क या दोन निराळ्या गोष्टी आहेत. हें जगाला शिकविलें तें कोणा महासत्तेनें नव्हे, तर त्या हुसकलेल्या माणसांनीं. ओलिव्हिए बान्कूल हे पेरोस बानोस बेटावर जन्मलेले गृहस्थ त्यांचे पुढारी. २००० मध्यें लंडनच्या उच्च न्यायालयानें लोकांची हकालपट्टी बेकायदेशीर ठरविली. २००४ मध्यें सरकारनें राजाज्ञेच्या वाटेनें परतीचा मार्ग पुन्हां बंद केला, आणि २००८ मध्यें उमरावांच्या सभेच्या न्यायाधीशांनीं तीन विरुद्ध दोन मतांनीं सरकारची बाजू उचलून धरली. पण वाद येथें थांबला नाहीं. २०१९ च्या फेब्रुवारींत हेग येथील आंतरराष्ट्रीय न्यायालयानें १३ विरुद्ध १ मतानें असा अभिप्राय दिला कीं, चागोस मॉरिशसपासून तोडणें कायद्यास धरून नव्हतें. मे महिन्यांत आमसभेनें ११६ विरुद्ध ६ मतांनीं त्यास दुजोरा दिला. अखेर २२ मे २०२५ रोजी ब्रिटन व मॉरिशस यांच्या करारावर सह्या झाल्या. स्वामित्व मॉरिशसचें आणि दिएगो गार्सियाचा ताबा ९९ वर्षें ब्रिटनकडे, असा त्याचा आशय असून त्यापोटीं ब्रिटननें वर्षाला सरासरी १० कोटि १० लक्ष पौंड द्यावयाचे आहेत. सही झाली म्हणजे करार अंमलांत आला असें नव्हे. त्यास दोन्ही देशांची विधिपूर्वक संमति लागते. शिवाय इतर बेटांवर पुन्हां वस्ती करण्याची मुभा त्यांत आहे, दिएगो गार्सियावर नाहीं. ज्यांच्यासाठीं हा लढा होता त्यांना आपल्याशीं कोणीं विचारविनिमय केला नाहीं ही तक्रार याहि वेळीं करावी लागली.

श्रोतेहो, जमाखर्चाच्या वहीचीं हीं दोन पानें शेजारीं ठेवून पाहावीं. १९६५ मध्यें ३० लक्ष पौंडांत, रहिवाशांना न विचारतां, प्रकरण मिटलें असें वाटलें होतें. ६० वर्षांनंतर त्याच जागेसाठीं ९९ वर्षें दरसाल कोट्यवधि पौंड देण्याची पाळी आली. कोणाची संमति लागूं नये म्हणून जें बेट निवडलें, त्याच्याच संमतीचा प्रश्न इतक्या वर्षांनीं जगाच्या न्यायासनापुढें उभा राहिला. सुरक्षितता ही प्रत्येक राष्ट्राची खरी गरज आहे, आणि समुद्र राखणारा कोणी तरी लागतो. परंतु न विचारतां घेतलेली जमीन हें एक कर्ज असतें. त्याचें व्याज वाढतच जातें, आणि तें फेडतांना मूळ धनको बहुधा जिवंत नसतो. दिएगो गार्सियाच्या स्मशानांत ज्यांचे पूर्वज झोंपले आहेत, त्यांतील अनेकजण आपल्या बेटाचें दर्शनहि न घेतां परक्या मातींत गेले. हिंदी महासागराच्या भवितव्याचा विचार आपण करूं, तेव्हां जहाजांची व विमानांची मोजदाद करतांना या माणसांचीहि गणना व्हावी, एवढेंच आपणांस विनवून मी आपली रजा घेतों.