परभणी जिल्ह्यातील वारसा-फेरी

परभणी जिल्ह्याचा मध्ययुगीन इतिहास एका किल्ल्यात किंवा एका राजधानीत साठून राहिलेला नाही. गोदावरी, पूर्णा आणि दुधना या नद्यांच्या खोऱ्यांतील नांदत्या गावांमध्ये तो विखुरलेला आहे. जिंतूर तालुक्यातील चारठाणा, सेलू तालुक्यातील वालूर, गोदाकाठची गंगाखेड व धारासूर आणि अहमदनगरच्या निजामशाहीच्या इतिहासात गाजलेले पाथरी ही त्यांतली ठळक नावे. अशा गावांत देवळाचा कोरीव दगड एखाद्या वाड्याच्या जोत्यात बसवलेला सापडतो, लढाईत पडलेल्या वीरांच्या स्मरणशिळा, म्हणजे वीरगळ, पाराला टेकून उभे असतात आणि शेकडो वर्षांची बारव, म्हणजे पायऱ्यांची विहीर, घरांच्या मागे दडलेली असते. रस्त्यावर गाडी थांबवून यातले फार थोडे दिसते. जाणत्या माणसाबरोबर गल्लीबोळांतून पायी फिरणे हीच असे गाव समजून घेण्याची खरी रीत. आज तिला हेरिटेज वॉक किंवा वारसा-फेरी म्हणतात.

नाव अलीकडचे असले तरी गाव दाखवत फिरवण्याची पद्धत या मुलखात जुनी आहे. तीर्थाच्या ठिकाणी ते काम क्षेत्रोपाध्ये करीत. यजमान आला की त्याला उतरायची जागा द्यायची, नदीवर स्नान आणि विधी करवायचे, मग ठरलेल्या क्रमाने देवळे दाखवीत प्रत्येक स्थानाचे माहात्म्य सांगायचे, शेवटी वहीत त्याच्या घराण्याची नोंद करायची. संत जनाबाईंचे जन्मगाव म्हणून मान असलेल्या गंगाखेडसारख्या गोदाकाठच्या क्षेत्री येणाऱ्याला घाट आणि देवळे कळत ती याच वाटेने. उपाध्यांचा भर पुण्यावर असे. देऊळ कोणी बांधले, कधी बांधले, त्याचा दगड कुठला, हे प्रश्न त्या फेरीत येत नसत.

स्थळाची बारकाईने नोंद ठेवण्याचे काम केले ते महानुभाव पंथीयांनी. पंथाचे संस्थापक चक्रधरस्वामी तेराव्या शतकात गोदावरीच्या दोन्ही तीरांवर गावोगाव फिरले. त्यांच्या आठवणी, म्हणजे लीळा, म्हाइंभटांनी ‘लीळाचरित्रा’त गोळा केल्या. त्या लीळा जिथे घडल्या त्या जागा पुढच्या पिढ्यांना सापडाव्यात म्हणून चौदाव्या शतकात ‘स्थानपोथी’ तयार झाली. मुनी व्यास यांच्या नावावर असलेला हा ग्रंथ वि. भि. कोलते यांनी संपादित केला. मराठीतले हे बहुधा सर्वांत जुने स्थळदर्शक पुस्तक म्हणावे लागेल. गावाचे नाव, गावाच्या कोणत्या दिशेला कोणते देऊळ, त्याचे दार कोणीकडे, जवळ विहीर आहे की मठ, स्वामी कोणत्या ठिकाणी बसले, कुठे निजले, कुठे जेवले, असा तपशील त्यात गावोगावी दिलेला आहे. त्या जागा ओळखू याव्यात म्हणून अनुयायांनी तिथे ओटे बांधले, आणि अनेक ओट्यांना आजही नमस्कार केला जातो.

यादवकाळ संपून दक्षिणेत सत्तांतरे झाली होती, त्या काळात ही पोथी लिहिली गेली. तिच्यात नोंदलेली कितीतरी देवळे पुढे पडली, काही वस्त्या हलल्या. म्हणून यादवकालीन गावाची मांडणी कशी होती, वेशी कुठे, देवळांची तोंडे कोणीकडे, हे समजून घ्यायला इतिहासकारांना ही पोथी फार उपयोगी पडते. लिहिणाऱ्याला स्थापत्याचे कौतुक करायचे नव्हते, पुढच्या वाटसरूची चुकामूक होऊ नये एवढीच काळजी होती. त्या काळजीमुळेच तिचा तपशील विश्वासाचा झाला आहे.

युरोपातही स्थळे दाखवत फिरवण्याची सुरुवात यात्रेकरूंपासूनच झाली. रोममध्ये बाराव्या शतकात ‘मिराबिलिया उर्बिस रोमे’ हे लॅटिन पुस्तक लिहिले गेले. शहराच्या वेशी, कमानी, टेकड्या आणि देवळांची यादी देत आणि दंतकथा सांगत ते यात्रेकरूला रोमभर फिरवते. सतराव्या-अठराव्या शतकांत इंग्लंडमधील श्रीमंत घरांतली तरुण मुले शिक्षणाचा भाग म्हणून इटलीला जाऊ लागली. त्यांना अवशेष दाखवणाऱ्या स्थानिक जाणकारांना, वक्ता सिसेरोच्या नावावरून, चिचेरोने म्हणत. १८३६ मध्ये लंडनच्या जॉन मरे यांनी प्रवाशांसाठी हँडबुक काढले. त्याच दशकात जर्मनीत कार्ल बेडेकर यांची मार्गदर्शक पुस्तके सुरू झाली. शहर किती वेळात, कोणत्या क्रमाने पायी पाहावे हे त्यांत नेमके सांगितलेले असे आणि महत्त्वाच्या स्थळापुढे तारा छापलेला असे. चालत शहर बघण्याला ठरलेला मार्ग मिळाला तो या पुस्तकांमुळे. आज प्राग, रोम, बर्लिन अशा शहरांत रोज ठरल्या वेळी चौकात माणसे जमतात आणि दोन-तीन तास वाटाड्याबरोबर फिरतात. काही फेऱ्यांना आधी तिकीट नसते, संपल्यावर ज्याने त्याने मनाला पटेल ते द्यायचे असते.

परभणीच्या वाट्याला हे पर्यटन फार उशिरा आले. जिल्हा निजामाच्या हैदराबाद संस्थानात होता. १९१४ मध्ये संस्थानाने पुरातत्त्व खाते काढले आणि गुलाम याझदानी त्याचे प्रमुख झाले. खात्याची मोठी कामगिरी अजिंठा आणि वेरूळ येथे झाली, प्रवासीही तिकडेच वळले. विसाव्या शतकाच्या उंबरठ्यावर मनमाड–हैदराबाद लोहमार्ग सुरू झाला, सेलू, परभणी, पूर्णा ही गावे रेल्वेवर आली आणि कापसाच्या बाजारपेठा म्हणून वाढली. चारठाण्यासारखी जुनी ठाणी मात्र लोहमार्गापासून दूर राहिली. यादवकाळात ज्या वाटांवर वर्दळ होती त्या आडवाटा झाल्या. मराठवाडा महाराष्ट्रात आल्यानंतर गो. बं. देगलूरकर, प्रभाकर देव आदी अभ्यासकांनी येथील मंदिरांचा शास्त्रीय अभ्यास केला, तरी तो बराच काळ ग्रंथांत आणि विद्यापीठांत राहिला. गावकऱ्याला आपल्या देवळाचे वय सांगणारे कोणी नव्हते.

भारतात नियमित वारसा-फेरीची वाट अहमदाबादने घालून दिली. १९ नोव्हेंबर १९९७ रोजी तेथील महानगरपालिकेने काळुपूरच्या स्वामिनारायण मंदिरापासून जामा मशिदीपर्यंत, पोळांमधून, म्हणजे जुन्या गल्ली-वस्त्यांमधून, जाणारी फेरी सुरू केली. २०१७ मध्ये युनेस्कोने त्या शहराला जागतिक वारसा शहर ठरवले. मुंबई, पुणे आणि औरंगाबाद, म्हणजे आजचे छत्रपती संभाजीनगर, येथेही अशा फेऱ्या रुजल्या. परभणी जिल्ह्यात ही चळवळ बारवांच्या मार्गाने आली हे तिचे वैशिष्ट्य. २०२० नंतर रोहन काळे यांच्या महाराष्ट्र बारव मोहिमेने राज्यभरातील बारवांची नोंद नकाशावर घेतली. गावोगावच्या तरुणांनी गाळ, झाडोरा आणि कचरा काढला. महाशिवरात्रीला बारवांमध्ये दिवे लागू लागले. टपाल खात्याने राज्यातील निवडक बारवांची चित्र-पोस्टकार्डे काढली तेव्हा या जिल्ह्यातील बारवांनाही त्यांत जागा मिळाली. बारव साफ झाली की बघायला माणसे येतात, आणि आलेल्यांना गाव दाखवायला कोणीतरी लागतो. फेरीची गरज अशी आपोआप उभी राहिली.

बारव कोरड्या मुलखाची गरज ओळखून बांधलेली असते. मराठवाड्यात पावसाळ्यात पाणी वर येते आणि उन्हाळ्यात खोल जाते. पायऱ्या आणि टप्पे असल्यामुळे पाणी कोणत्याही पातळीवर असले तरी माणसाला घागर घेऊन तिथवर उतरता येते. भिंतींत देवकोष्ठे, म्हणजे मूर्तींसाठीचे कोनाडे, असतात, जवळ देऊळ असते, आणि वाटेवरच्या वाटसरूला, तांड्याला, जनावरांना तिथे पाणी व सावली मिळते. वालूरची बारव या प्रकारातही दुर्मीळ आहे. तिच्या पायऱ्या सरळ न उतरता गोल फिरत पाण्याकडे जातात. काठावरून पाहिले तर दगडाचा भोवरा आत आत गेल्यासारखा दिसतो. असा आकार कागदावर आखणे अवघड आणि दगडात उतरवणे त्याहून अवघड. वालूरला जाणाऱ्याने ती केवळ वरून पाहून परतू नये. प्रत्येक पायरी वळणाशी कशी जुळवली आहे हे खाली उतरताना कळते.

जिल्ह्यात फेरीसाठी सर्वांत भरलेले गाव चारठाणा. इथे पूर्वी तीनशे साठ मंदिरे आणि तितक्याच बारवा होत्या अशी परंपरा सांगितली जाते. आकडा परंपरेचा आहे, परंतु गावात आजही जे शिल्लक आहे ते पाहता तो कशामुळे रूढ झाला असेल हे समजते. गोकुळेश्वराचे मंदिर आणि बारव, नृसिंह, उकंडेश्वर, जोड महादेव अशी मंदिरे वस्तीत आणि वस्तीबाहेर आहेत. मोकळा उभा असलेला कोरीव दगडी स्तंभ हे गावाचे सर्वांत प्रसिद्ध शिल्प. लोक त्याला मानस्तंभ म्हणतात, कोणी दीपमाळही म्हणतात. जैन परंपरेत मंदिरापुढे मानस्तंभ असतो आणि विजयाचा किंवा दानाचा स्तंभ उभारण्याची चाल इतरही पंथांत होती. त्यामुळे हा स्तंभ कोणत्या मंदिरापुढचा, त्याच्याभोवती काय होते, हा प्रश्न इथे थांबून विचारावा असाच आहे.

चारठाण्यात दुसरी गोष्ट पाहायची ती बांधणीची. दगडावर दगड चुन्याशिवाय, खाचा आणि वजनाच्या तोलावर बसवलेले आहेत. या पद्धतीला सरसकट हेमाडपंती म्हणतात आणि तिचे श्रेय यादवांचा मंत्री हेमाद्री याला देतात. हेमाद्री तेराव्या शतकातला, पण अशी मंदिरे त्याच्या आधीपासून, कल्याणीच्या चालुक्यांच्या काळापासून बांधली जात होती. खांबाची घडण, दाराच्या कोरीव द्वारशाखा, दारावरच्या ललाटबिंबातली देवता आणि बाह्य भिंतीवरची शिल्पे पाहूनच काळ ठरवावा लागतो. फेरी नेणाऱ्याने एवढे जरी नीट दाखवले तरी पाहणाऱ्याची नजर कायमची बदलते.

पाथरीची फेरी वेगळ्या प्रकारची आहे, कारण तिथे अवशेषांपेक्षा घटना मोठ्या आहेत. अहमदनगरच्या निजामशाही घराण्याचे पूर्वज पाथरीचे ब्राह्मण कुलकर्णी होते असे इतिहासकार फिरिश्ता सांगतो. पाथरी वऱ्हाडच्या इमादशाहीत होती. बुऱ्हाण निजामशहाने पूर्वजांचे गाव म्हणून ती दुसऱ्या मुलखाच्या बदल्यात मागितली, इमादशहाने नकार दिला आणि १५१८ मध्ये बुऱ्हाणने ती लढून घेतली. दोन सुलतानांमध्ये वर्षानुवर्षे वैर चालले ते या गावावरून. पुढे अकबराच्या काळात ‘आईन-ए-अकबरी’त वऱ्हाड सुभ्यातील एक सरकार म्हणून पाथरीची नोंद झाली. आज बाहेरून येणारे बहुतेक लोक येतात ते साईबाबांचे जन्मस्थान मानल्या जाणाऱ्या जागेच्या दर्शनाला. २०२० मध्ये त्या जन्मस्थानावरून राज्यभर वादही झाला. दर्शन घेऊन परतणाऱ्याला निजामशाहीच्या मुळाची ही कथा सांगणारा माणूस गावात भेटला, तर पाथरीचे महत्त्व त्याला दुप्पट कळेल.

धारासूरचे गुप्तेश्वर मंदिर गोदावरीकाठी उंच जोत्यावर आहे. त्याच्या बाह्य भिंतीवरील सुरसुंदरी जिल्ह्यातील शिल्पकलेचा उत्तम नमुना होत. जिंतूरजवळच्या नेमगिरीवर जैन लेणी आहेत. वाकून शिरावे लागणारी बुटकी दारे आणि आत मोठ्या तीर्थंकरमूर्ती, असा तो अनुभव आहे. या दोन्ही ठिकाणी गाव फिरायचे नसते, एकाच जागी पुरेसा वेळ द्यायचा असतो.

महाराष्ट्रात प्राचीन स्मारकांसाठी १९६० चा कायदा आहे, पण संरक्षित यादीत थोडीच स्थळे असतात. बाकीच्यांची राखण गावालाच करावी लागते. जीर्णोद्धार म्हणून शिल्पांना ऑइल पेंट फासणे, जुन्या दगडी भिंतीवर सिमेंटचा गिलावा आणि टाइल्स चढवणे, बारवेत सांडपाणी सोडणे, शेतात निघालेली मूर्ती उचलून दुसरीकडे बसवणे, या गोष्टींनी परभणीच्या वारशाचे मोठे नुकसान केले आहे. मूर्ती हलली की ती कुठल्या मंदिराची होती याचा पुरावा जातो. म्हणून प्रत्येक गावाने आपल्या मंदिरांची, बारवांची, वीरगळांची आणि शिलालेखांची जागा, दिशा आणि छायाचित्रांसह नोंद करावी, परंपरेने सांगितलेले वेगळे आणि पुराव्याने सिद्ध झालेले वेगळे लिहावे, आणि ही वही शाळेत ठेवावी. १८ एप्रिलचा जागतिक वारसा दिन ऐन उन्हात येतो. मुलांना फेरीला न्यायचे असेल तर हिवाळ्यातली सकाळ निवडावी.