डोंगर फुगला की साचला?

डोंगर कायमचे तिथेच असतात, अशी आपली समजूत असते. पण मेक्सिकोच्या मिचोआकान प्रांतातल्या दोन डोंगरांची चक्क जन्मतारीख सांगता येते. होरुयोची २९ सप्टेंबर १७५९ आणि तिथून सुमारे ८० किलोमीटरवरच्या परिकुतिनची २० फेब्रुवारी १९४३. दोन्ही ज्वालामुखी, दोन्ही शेतजमिनीतून वर आलेले.

होरुयो जन्मला ऊस आणि निळीच्या मळ्यांमध्ये. जर्मन निसर्गशास्त्रज्ञ हुम्बोल्ट १८०३ साली, म्हणजे ४४ वर्षांनी तिथे पोचला. डोंगराभोवतीची जमीन मध्याकडे उंच होत गेलेली त्याला दिसली. लोकांच्या आठवणीही त्याने ऐकल्या. आतल्या दाबाने जमीनच फुग्यासारखी फुगली, असा निष्कर्ष त्याने काढला. त्याचा मित्र फोन बुख यानेही ज्वालामुखी असेच वर उचलले जातात, असा सिद्धांत मांडला. इंग्लंडमधल्या स्क्रोप आणि लायेल यांना तो पटला नाही. त्यांच्या मते राख, दगड आणि लाव्हा थरावर थर साचून ज्वालामुखीचा डोंगर बनतो. हा वाद कित्येक वर्षे चालला. अखेर थरांची बाजू खरी ठरली. होरुयोभोवतीचा उंचवटासुद्धा एकावर एक पसरलेल्या लाव्हाचाच होता.

पण हे सारे घडून गेल्यावरचे तर्क होते. परिकुतिनने ती उणीव भरून काढली. दिओनिसिओ पुलिदो या शेतकऱ्याच्या मक्याच्या शेतात भेग पडली आणि त्यातून राख व दगड उडू लागले. पूर्वी होरुयोचा अभ्यास केलेले मेक्सिकन भूवैज्ञानिक ओर्दोन्येस काही दिवसांतच तिथे हजर झाले. उडालेले दगड तोंडाभोवती पडत होते आणि डोंगर वाढत होता. वर्षभरात तो ३३६ मीटर झाला. १९५२ साली थांबला तेव्हा ४२४ मीटर होता. विज्ञानाला मिळालेल्या या संधीची किंमत शेतकऱ्यांनी मोजली. दोन गावे लाव्हाखाली गेली. सान हुआनच्या चर्चचा मनोरा तेवढा आजही काळ्या दगडांतून वर डोकावतो.

वर्गात कागदाच्या नरसाळ्यातून कोरडी वाळू हळूहळू ओतून पाहू. ढीग वाढतो, पण त्याचा उतार साधारण ३० अंशांपलीकडे जात नाही. परिकुतिनचा उतारही जवळपास तेवढाच आहे. मग मुलांना विचारू या : बाहेरून सारख्याच दिसणाऱ्या दोन डोंगरांपैकी फुगलेला कुठला आणि साचलेला कुठला, हे ओळखायला आपण काय पाहू?