लोखंड चांद्याचे, पोलाद साकचीचे

१/ चांदा जिल्ह्यातील लोहाऱ्याच्या समृद्ध लोहखनिजाविषयीचा अहवाल १८८२ मध्ये जमशेदजी टाटांच्या वाचनात आला. मग पोलाद विदर्भात का घडले नाही?

२/ वरोऱ्याचा कोळसा जवळच होता. पण झोतभट्टीत खनिजाचे ओझे पेलणारा कोक लागतो. तो या कोळशापासून होईना. खाणपट्ट्यांच्या सरकारी अटीही जाचक होत्या. बेत मागे पडला.

३/ १८९९ नंतर नियम सैलावले. पुत्र दोराबजींना नागपूरच्या संग्रहालयातील भूशास्त्रीय नकाशाने दुर्गची वाट दाखवली, तर प्रमथनाथ बोस यांच्या १९०४ च्या पत्राने मयूरभंजची. तेथून झरियाचा कोकयोग्य कोळसा आवाक्यात होता. १९१२ मध्ये साकचीत, म्हणजे आजच्या जमशेदपुरात, पोलाद निघाले. जमशेदजी १९०४ मध्येच निवर्तले होते.

४/ मराठवाड्यातील जालन्याची कथा उलटी. जवळ ना लोहखनिज, ना दगडी कोळसा. तरीही तेथे विजेच्या भट्ट्यांत भंगार वितळवून सळया घडतात.

५/ मुरुडसारख्या गावात स्लॅबसाठी सळई उतरते, तेव्हा तिच्या भावात विजेचा दरही असतो. पोलादाचे भवितव्य खनिजाइतकेच भट्टीच्या इंधनावर ठरते. तेव्हा कोळशावर, आज विजेवर.