तबकडीवरची कामिनी

बऱ्हाणपूरजवळच्या बहादरपुराहून उत्तरेला निघाले की आधी खंडवा लागते, मग इंदूर. १९४९च्या ‘महल’चे दोन धागे याच वाटेवर आहेत. नायक अशोककुमार खंडव्यात वाढलेले, तर नायिकेला गाता गळा देणाऱ्या लता मंगेशकरांचा जन्म इंदूरचा. पण त्या चित्रपटातील झोपाळ्यावरच्या गाण्याच्या तबकडीवर गायिकेचे नाव छापले होते ‘कामिनी’. हे मधुबालेने रंगवलेल्या पात्राचे नाव. सूर दुरून जवळ येतोय असे वाटावे म्हणून जी एकोणीस वर्षांची मुलगी गात गात मायक्रोफोनपर्यंत चालत आली, तिचा तबकडीवर पत्ताच नव्हता. ही कलेची गरज होती असे अजूनही सांगितले जाते. मला ते पटत नाही. ती धंद्याची सोय होती, आणि याचा सर्वांत स्पष्ट पुरावा अमेरिकेतल्या कार्टूनपटांत मिळतो.

तिथे पात्र कागदावरचे, त्यामुळे आवाजाची मालकीण झाकणे आणखी सोपे. डिस्नेच्या स्टुडिओत चित्रांना शाई आणि रंग भरणाऱ्या मुलींत मार्सेलाइट गार्नर होती. १९३०मध्ये एका कार्टूनसाठी स्पॅनिश येणारी मुलगी हवी होती, ती पुढे झाली, आणि त्यानंतर सुमारे दहा वर्षे मिनी माउस तिच्याच आवाजात बोलली. पडद्यावर तिचे नाव आले नाही. १९३७च्या ‘स्नो व्हाइट’मध्ये अ‍ॅड्रियाना कॅसेलोटीने राजकन्येचे बोलणे आणि गाणे दोन्ही केले, तरी श्रेयनामावलीत तीही नाही. नाव कळले तर पात्राची जादू मोडेल, हा त्यामागचा नेहमीचा युक्तिवाद. मग वॉर्नरच्या कार्टूनांत १९४४च्या सुमारास बग्ज बनीला आवाज देणाऱ्या मेल ब्लँक यांचे नाव झळकू लागले, तेव्हा त्या पात्राची जादू कुठे मोडली? ब्लँक यांनी पगारवाढ मागितली होती. मालकाने पैसे नाकारले आणि त्याऐवजी नाव दिले, असे त्यांनीच सांगितले आहे. नाव म्हणजे मोबदलाच होता, हे यातून उघड होते. त्याच १९४४मध्ये लाल टोपडेवालीच्या गोष्टीवरील कार्टूनमध्ये ब्लँक यांचे नाव होते. टोपडेवालीचा आवाज देणाऱ्या बी बेनाडेरेट यांचे नव्हते. लांडग्याला आवाज देणाऱ्या पुरुषाचेही नव्हते, हे प्रामाणिकपणे सांगायला हवे. म्हणजे प्रश्न नुसता स्त्री-पुरुषाचा नाही. कोणाला घासाघीस करता येत होती, याचा आहे. रोजंदारीवर किंवा दुसऱ्याच कामावर असलेल्या बाईला ती सर्वांत कमी करता येत होती, एवढे मात्र खरे.

आपल्याकडचा आक्षेप अधिक वजनदार आहे. पूर्वी नट-नट्या स्वतःच गात, म्हणून तबकडीवर त्यांचे नाव असे. १९३५नंतर पार्श्वगायन रुजले तरी छापण्याची जुनी सवय राहिली, यात कोणाचा डाव नव्हता. सवय होती, मान्य. पण जी सवय मालकाला फुकट पडते ती आपोआप सुटत नाही. ‘महल’नंतर श्रोते पत्रे लिहून विचारू लागले, ही गाते कोण? त्याच वर्षीच्या ‘बरसात’साठी लताबाईंनी नावाचा आग्रह धरला आणि नाव छापले गेले. सुमारे पंधरा वर्षांची सवय एका वर्षात मोडली, आणि त्या गाण्यांची मोहिनी तसूभरही कमी झाली नाही. पुढे फिल्मफेअर सोहळ्यात पारितोषिक मिळालेल्या संगीतकाराचे गाणे गाण्यास त्यांनी नकार दिला, कारण गाणाऱ्यांसाठी पारितोषिकच नव्हते. ते १९५९मध्ये सुरू झाले, आणि पहिले त्यांनाच मिळाले, ‘मधुमती’साठी. हा लढा त्या जिंकल्या तो त्यांच्यावाचून कोणाचे चालेना म्हणून. ज्यांच्यावाचून चालत होते त्या कितीतरी गायिका लेबलावर पात्राच्याच नावाने राहून गेल्या.

बऱ्हाणपूर-खंडव्याकडच्या जुन्या घरांत माळ्यावर तबकड्या असतील, तर भंगारात देण्यापूर्वी लेबल वाचा. तिथे पात्राचे नाव असेल आणि गाणारी कोण हे घरातल्या वडीलधाऱ्यांना ठाऊक असेल, तर ते कागदावर लिहून तबकडीच्या पाकिटात ठेवा.