वडाचें वय

औरंगपुऱ्यांतून पाणचक्कीकडे नेलेल्या पाहुण्यास तेथील विशाल वड दाखवितांना ‘सहाशें वर्षांचा’ हें विशेषण हटकून जोडलें जातें. तें खरें असेल तर मलिक अंबरानें 1610 सालीं खडकी वसविली तेव्हांही हा वड जुनाच होता, आणि नगराच्या जन्माचा तो साक्षीदार ठरतो. परंतु साक्षीदाराचें वय कोणीं तपासलें?

वडाच्या लाकडांत वार्षिक वलयें भरंवशाचीं पडत नाहींत. शिवाय पारंब्यांचींच खोडें होतात. शिबपूरच्या उद्यानांतील सुप्रसिद्ध वडाचें मूळ खोड बुरशीमुळें 1925 मध्यें कापावें लागलें. वृक्ष अद्याप पसरतोच आहे! मग मोजावें तें काय?

सागाचें तसें नाहीं. त्याचें वलय दरसाल उमटतें, आणि अवर्षणांत बहुधा अरुंद राहतें. पुण्याच्या भारतीय उष्णदेशीय मौसमविज्ञान संस्थेंतील संशोधकांनीं केरळांतील सागांवरून 1481 ते 2003 अशी 523 वर्षांची मालिका सिद्ध केली. आम्हांस ती एखाद्या दप्तराच्या तोडीची वाटते. 1630 च्या दुष्काळाची अशी साक्ष मराठवाड्यास हवी असेल, तर जुन्या वाड्यांच्या सागवानी तुळया तपासाव्या लागतील. वाडा पाडला कीं त्या मात्र करवतीखालीं जातात.